माझ्या पोराची रिकामी घरं

आमच्या नॉटिंगहॅमच्या मंडळातल्या एक बाई गेल्या दिवाळीपासून माझ्या मागे लागल्या आहेत. "काका, आपला मराठी माणूस ब्रिटिश आर्मीत ब्रिगेडियर झाला. तुम्ही त्याच्याबद्दल लिहाच. मुलांना इन्स्पिरेशन मिळेल." मी म्हटलं, मी चौथी शिकलेला माणूस, मला काय लिहिता येतंय. तर म्हणाल्या, तुम्ही बोला, मी टाइप करते. ते मला पटलं नाही. मी बोलायचं आणि दुसऱ्यानं लिहायचं म्हणजे शेवटी ते त्यांचंच होतं. लिहीन तर मीच लिहीन. आणि त्यांना पाहिजे तसं नाही, मला माहीत आहे तसं.

आता मला माहीत तरी काय आहे? त्याच्या छातीवरची मेडलं कशाकशाची, ते मला सांगता येणार नाही. बोस्नियात, इराकमध्ये, अफगाणिस्तानात काय केलं ते त्यानं सांगितलं नाही आणि मी विचारलं नाही. इंजिनिअरांच्या पलटणीत होता, पूल बांधायचा आणि वेळ आली तर उडवायचा, एवढं कळलं. मला त्याची घरं माहीत आहेत. तीसुद्धा रिकामी.

ते असं. आर्मीतल्या लग्न झालेल्या माणसाला सरकार राहायला घर देतं. दोन-तीन वर्षांनी बदलीची ऑर्डर आली की ते सोडायचं. सोडताना मार्च-आउट असतो. म्हणजे सामान ट्रकमध्ये गेलं की घर असं घासून द्यायचं, की आपण तिथं कधी राहिलोच नव्हतो. मग तपासणीचा माणूस टॉर्च घेऊन येतो. शेगडीच्या मागं बघतो, रेडिएटरच्या फटीत बघतो, दिव्याच्या शेडवरून बोट फिरवतो. आणि ओव्हन! ओव्हनचं दार उघडून आत डोकंच घालतो. आर्मीवाले शत्रूला भीत नाहीत तेवढे त्या ओव्हनला भितात. हे माझं नाही, पोराचंच म्हणणं.

मी इथं आल्यापासून रिटायर होईपर्यंत एका हॉस्पिटलच्या किचनमध्ये भांडी घासली. माणूस आत बसेल एवढी पातेली, बुडाला करपलेलं दूध, चरबी थिजलेले ट्रे. त्यात मला कधी कमीपणा वाटला नाही. तेव्हा पोरगं कॅप्टन होऊन जर्मनीत होतं, नवीन लग्न झालेलं, बायको गोरी. पहिली बदली आली तसा त्याचा फोन आला. "आबा, तो ओव्हन बघून माझी बायको रडते. तुम्ही आणि आई येता का?" आम्ही बोटीनं आणि कोचनं गेलो. हिनं चपात्यांचा डबा बांधून घेतला होता, जसं काही जर्मनीत उपाशीच मरणार होतो. हिनं व्हिनेगर आणि वर्तमानपत्राच्या कागदानं खिडक्या पुसल्या, मी ओव्हन घेतला. सूनबाई दारात उभी राहून बघत होती. तपासणीचा माणूस आला, आत डोकं घातलं, बाहेर काढलं, कागदावर बरोबरची खूण केली. पोरानं माझा हात दाबला. लहानपणानंतर पहिल्यांदा.

तेव्हापासून तो रिवाजच पडला. बदली आली की फोन यायचा, आम्ही जायचो. पोरगं वर चढत गेलं तसं घर मोठं होत गेलं, ओव्हनही मोठा होत गेला. लेफ्टनंट कर्नल झाला तेव्हा वर-खाली दोन ओव्हन निघाले. ही म्हणाली, "अजून बढती मिळाली तर तुमची पाठ जाणार." मी म्हटलं, "मिळू दे."

पण एक गोष्ट सांगितली पाहिजे. ही सगळी घरं आम्ही बघितली ती सामान गेल्यावर. सोफा कुठं होता, ते कार्पेटवरच्या चार खळ्यांवरून ओळखायचं. ही खाली बसायची, त्या खळ्यांवरून हात फिरवायची आणि म्हणायची, "हितं नातीची कॉट असंल बघा. उजेडात." भिंतीला फोटोंच्या खिळ्यांची भोकं असायची, ती मी पांढऱ्या लांबीनं बुजवायचो. कुणाचे फोटो होते ते बुजवताना कळायचं नाही.

मधल्या दिवसांत बोलावलं असतं तर आम्ही गेलो असतो का? ही गेली असती, अनवाणी गेली असती. मी मात्र पोराच्या संसारात जाऊन पथारी टाकणारा बाप नव्हे. कामाला बोलवलं तर जाणार, काम झालं की परत. माझं घर त्याचं आहे, ते सांगावं लागत नाही. त्याचं घर माझं नाही, तेही सांगावं लागत नाही. कुणाला हे उलटं वाटत असेल तर वाटू दे.

पुढं ही गेली. सून बदल्यांना कंटाळून वेगळी झाली. चांगली पोरगी, अजून ख्रिसमसला मला कार्ड पाठवते, मी तिला दोष देत नाही. नात ग्लासगोला डॉक्टरकी शिकायला गेली. राहिलो मी नॉटिंगहॅमला एकटा आणि पोरगं कुठल्यातरी कॅम्पात एवढ्या मोठ्या घरात एकटं. ब्रिगेडियर.

गेल्या वर्षी त्याचा फोन आला. "आबा, मी आर्मी सोडतोय. लास्ट मार्च-आउट. ह्या वेळी मी क्लीनिंगवाल्यांना बोलवतो. तुमचं वय झाला." त्याचं मराठी असंच, इथल्या शाळेत वाढलेलं.

"वय माझं झालंय, ओव्हनचं नाही. मी येतो."

"आबा, सिरियसली..."

"रीडिंगच्या स्टेशनावर घ्यायला ये. तिथून पुढं मला गाड्या कळत नाहीत."

ह्या वेळी माझ्या मनात ओव्हनपेक्षा दुसरंच होतं. आर्मीचं घर सुटल्यावर माणूस जाणार कुठं? घरी. जातो कुठं दुसरीकडं! मी मागची खोली रंगवून घेतली. पोरगं उंच आहे म्हणून लांब पलंग आणला. शेजारचा पोलिश गडी पलंग वर चढवताना म्हणाला, "गेस्ट येणार का?" मी म्हटलं, "गेस्ट कशाला, घरचा माणूस येणार." पोराला मात्र मी काही बोललो नाही. त्यात बोलायचं काय? ह्याच घरातून तो शाळेत गेला, ह्याच जिन्यावरून पडून दात पाडून घेतला. ये म्हणायचं ते पाहुण्याला. पोटच्या पोराला स्वतःच्या घरी ये म्हणून बोलवायचं म्हणजे तू परका आहेस असं तोंडावर सांगायचं. आमच्या गावाकडं कुणी बापानं असं म्हटलं असतं तर लोकांनी विचारलं असतं, भांडण झालं होतं का?

रीडिंगच्या स्टेशनावर तो उभा होता. जीन्स घातली होती, पण उभा तसाच, पाठीला फळी बांधल्यासारखा. आधी हात पुढं केला, मग आठवल्यासारखा वाकला. लोक बघत होते. मी पाठीवर हात ठेवला, हाडं लागली. "जेवत नाहीस का?" म्हटलं. "मेसचं जेवण, आबा." एवढंच.

कॅम्पच्या फाटकावर एका पोरसवदा शिपायानं गाडीला सॅल्यूट ठोकला. माझा आजोबा साताऱ्याकडचा, साहेबाच्या पलटणीत शिपाई होता. मी म्हटलं, "म्हाताऱ्यानं जन्मभर साहेबाला सॅल्यूट मारले, ते आता परत यायला लागलेत." पोरगं खूप हसलं. म्हणालं, "उद्यापासून बंद, आबा. उद्यापासून मी मिस्टर."

घर म्हणजे बंगलाच. मागं बाग, सफरचंदाचं झाड. आणि आत काही नाही. आमचे बूट वाजायचे तेवढाच आवाज. किचनमध्ये ओव्हन असा, की त्यात मेंढरू उभं राहील. मी कोट काढला, बाह्या वर केल्या, सोडा आणि तारेची घासणी घेतली. त्यानं खिडक्या घेतल्या, आईचं काम.

"कागद कुठाय?" मी विचारलं.

"आता पेपर कोण घेतो, आबा? सगळे फोनवर वाचतात. मी कापड आणलाय."

"कापडानं रेघा उमटतात."

"उमटू दे. खिडकी मी पुसतोय, मी ब्रिगेडियर आहे."

"खिडकीला सांग ते."

असं चाललं होतं. मला बरं वाटत होतं. वाटत होतं, संध्याकाळी चाव्या देऊन झाल्या की तो आपणहून म्हणेल, चला आबा, घरी जाऊ. दोघं त्याच्याच गाडीनं जाऊ. घरी डाळ भिजत घालून आलो होतो.

दुपारी शेजारची बाई आली. कुठल्यातरी मेजरची बायको, चहाचा थर्मास आणि केक घेऊन. पोरगं वरच्या मजल्यावर होतं. ती मला इंग्लिशमध्ये म्हणाली, "तुमच्या मुलाची आम्हाला फार आठवण येईल. पण ग्लासगोला लेकीजवळ राहणार म्हणजे किती छान! तुम्हाला मात्र लांब पडेल, नाही?"

मी म्हटलं, "येस, फार." जसं काही मला महिन्याभरापासून माहीत होतं. केक खाल्ला. चांगला होता म्हणून सांगितलं. ती गेल्यावर परत ओव्हनपाशी गुडघे टेकले आणि जी बाजू घासून झाली होती तीच परत घासायला लागलो.

पोरगं खाली आलं. मी आत डोकं घालूनच विचारलं, "ग्लासगोचं काय?"

काचेवरचं कापड थांबलं.

"एक फ्लॅट बघितलाय. रेंटनं. तिच्या युनिव्हर्सिटीच्या जवळ. मी आज तुम्हाला सांगणार होतो, आबा. ऑनेस्ट."

"सही केलीस?"

"नाही. मंडेला करायचीय."

मी घासत राहिलो. ओव्हनमध्ये आपलाच आवाज आपल्याकडं परत येतो, ते बरं पडतं.

"आबा, बाहेर या ना. मला ओव्हनशी नाही बोलायचं."

"ऐकू येतंय मला."

तो खाली फरशीवर बसला. त्याचे पाय मला दिसत होते, मोजे घातलेले. म्हणाला, "इतकी वर्षं मला कुठे जायचा ते ऑर्डर सांगायची. जर्मनी, जा. सायप्रस, जा. ह्या वेळी ऑर्डर नव्हता. मी थांबलो. आय वेटेड, आबा."

"कशासाठी?"

"तुम्ही म्हणाल म्हणून."

"काय म्हणीन?"

"की ये. इकडे येऊन राहा. आईचं झालं तेव्हा पण मी किचनमध्ये थांबलो होतो. सगळे गेले, मी थांबलो. तुम्ही म्हणालात, जा, ट्रेन चुकेल."

"चुकलीच असती."

तो हसला, पण थोडंच. मग मी डोकं बाहेर काढलं. म्हटलं, "अरे, स्वतःच्या घरात यायला तुला आमंत्रण लागतं? मी तुझा कोण लागतो? शेजारी?"

"आबा, माझ्या स्वतःच्या मेसमध्ये डिनर असला तरी मला इन्व्हिटेशन येतो. मीच सगळ्यांत सिनियर, तरी कार्ड येतो. बोलावल्याशिवाय कुणाच्या टेबलाला बसायचं नाही, हे मला आर्मीनं शिकवलं. कुणीच बसत नाही."

"मी मेस आहे का?"

"नाही. पण मेस बोलावते."

हे मला लागलं. लागलं तर लागलं, मी तोंड वाकडं केलं नाही. मग तो अगदी हळू म्हणाला, लहानपणी जत्रेत फुगा मागायचा तसा, "मग आता म्हणा ना. मंडेच्या आधी म्हणा. मी फोन करून त्या फ्लॅटवाल्याला नाही सांगतो."

बाहेर कुणीतरी गवत कापत होतं. माझ्या हाताला काळा फेस होता. मला म्हणायला काय लागलं असतं? एक अक्षर. आणि मी म्हणालो, "ती खालची जाळी दे इकडं."

त्यानं दिली.

आता लोक विचारतील, का नाही म्हटलं? मी नंतर त्याची कारणं काढली. नात तिथं एकटी आहे, तिच्याजवळ बाप असावा, मी म्हातारा मध्ये कशाला येऊ? खरंच आहे ते. पण तेव्हा माझ्या डोक्यात नात नव्हती. तेव्हा एवढंच होतं, की मागितल्यावर दिलेलं ते कसलं घर? पंचावन्नाला आलेल्या पोरानं फरशीवर बसून बापाला म्हणावं, ये म्हणा, आणि बापानं म्हणावं, बरं, ये. मग तो आला असता, आणि जिना चढताना रोज मला वाटलं असतं, हा माझ्या म्हणण्यावर आलाय. मी अजूनही माझं चुकलं असं म्हणणार नाही. जीभ उचलली नाही, हे खरं.

तपासणीला ह्या वेळी एक तरुण मुलगी आली. टॉर्च घेऊन सगळीकडं फिरली. खिडक्यांवर रेघा होत्या, पण तिकडं तिनं काणाडोळा केला, ब्रिगेडियरच्या खिडक्या म्हणून असेल. ओव्हनमध्ये बघितलं आणि मान डोलावली. पोरानं चाव्यांचा जुडगा तिच्या हातात दिला. ती "थँक यू, सर" म्हणून बाहेर गेली. पोरगं हॉलमध्येच उभं राहिलं. इतक्या घरांच्या चाव्या दिल्या ह्यानं, पण दर वेळी दुसऱ्या घराच्या चाव्या येणार असायच्या. आज खिशात फक्त गाडीची चावी होती. मी कोट घालून बाहेर जाऊन थांबलो. माणसाला अशा वेळी बघू नये.

गाडीत तो म्हणाला, "नॉटिंगहॅमपर्यंत सोडतो."

मी म्हटलं, "रीडिंगला सोड. तिकीट काढलंय परतीचं."

ते खरंच काढलं होतं, घाईत, सवयीनं. त्याच्या गाडीनं परत जायचं मनात असताना परतीचं तिकीट का काढलं, ते मला सांगता येत नाही. त्यानं ते तिकीट बघितलं आणि गाडी स्टेशनाकडं वळवली.

प्लॅटफॉर्मवर बर्मिंगहॅमची गाडी यायची होती. आजूबाजूला ऑफिस सुटलेली आपली पोरं-पोरी, पाठीवर लॅपटॉप, मराठीत आणि इंग्लिशमध्ये हसत-बोलत होती. आम्ही दोघं बाकावर बसलो होतो, मध्ये माझी पिशवी.

"आबा, मग तुम्ही या. ग्लासगोला. स्पेअर रूम आहे." माझ्याकडं न बघता म्हणाला. "बघा, मी म्हटलं. या. इतकं सोपं आहे ते."

"पोराच्या दारात जाऊन पडायची वेळ अजून माझ्यावर आलेली नाही."

"दारात नाही, रूममध्ये."

"तेच ते."

"तुम्ही जर आर्मीत असता ना आबा, तर शत्रू कंटाळून घरी गेला असता."

गाडी आली. त्यानं पिशवी चढवून दिली. दारात उभा राहिलो तर ते एक अक्षर ओठांपर्यंत आलं होतं. खरंच आलं होतं. दार बंद व्हायची पिप-पिप सुरू झाली. मी म्हटलं, "सोमवारी सही करायच्या आधी कागद नीट वाच. शेवटचं पानसुद्धा वाच."

त्यानं माझ्याकडं बघितलं. मग पाठ ताठ केली आणि म्हणाला, "येस, आबा."

घरी पोचलो तर डाळ भिजून टरारली होती. दोघांची होती. उसळ केली, दोन दिवस खाल्ली.

सोमवारी सकाळपासून मी फोनजवळ बसलो. त्याचा नंबर भिंतीवर मोठ्या अक्षरांत लिहून ठेवलाय, नातीनंच लिहिलाय. मी दोनदा चष्मा घातला आणि काढून ठेवला. दुपारी फोन वाजला.

"आबा, केली सही."

"शेवटचं पान वाचलंस?"

"वाचलं."

"बरं केलंस," मी म्हणालो.

आता दर रविवारी संध्याकाळी त्याचा फोन येतो. तिकडं पाऊस आहे म्हणतो. मी म्हणतो, इकडंही आहे. नात वॉर्डात जायला लागली, घरी झोपायला तेवढी येते. तो दिवसभर काय करतो ते मी विचारत नाही. एकदा म्हणाला, नदीकाठानं चालतो, पूल बघतो. भाकरी करायला शिकतोय, पण थापताना तुटते. मी सांगतो, पाणी कढत घे, पीठ चांगलं रगड. तो "रगड म्हणजे?" विचारतो, मी हातानं करून दाखवतो, आणि मग लक्षात येतं की फोनवर त्याला माझे हात दिसत नाहीत.

शेवटी तो विचारतो, "मग कधी येताय?"

मी म्हणतो, "बघू."

मग तो फोन ठेवत नाही, मीही ठेवत नाही. त्याच्या खोलीतल्या घड्याळाची टिकटिक ऐकू येते. ते घड्याळ मी बघितलेलं नाही, कुठल्या भिंतीवर आहे तेही माहीत नाही. बराच वेळ असं चालतं. मग तोच ठेवतो, कारण मी ठेवणार नाही हे त्याला माहीत आहे.